‘रागाच्या भरात मारलं तर खून नाही’ हे साफ चूक आहे

कुठे मारहाणीत माणूस दगावल्याची बातमी आली की व्हॉट्सॲपवर एक मेसेज फिरू लागतो. आधी ठरवून मारलं तरच खून. रागाच्या भरात, एकाच घावात किंवा हातापायांवर मारताना माणूस गेला तर तो ‘सदोष मनुष्यवध’, म्हणजे खुनापेक्षा सौम्य गुन्हा. आणि सदोष मनुष्यवध म्हणजे एक प्रकारचा अपघातच, दोन वर्षांत आरोपी बाहेर. गेलेल्या माणसाच्या घरचे हे वाचून खटला उभा राहण्याआधीच हाय खातात. म्हणून एकेक दावा तपासू.

‘ठरवून मारलं तरच खून.’ पूर्वतयारी ही खुनाची अट कायद्यात कुठेच नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम १०१ मध्ये (जुन्या दंडसंहितेत हे कलम ३०० होतं) खुनाचे चार प्रकार दिले आहेत. जीव घेण्याचा उद्देश हा त्यातला फक्त पहिला. कोर्टात सगळ्यात जास्त खल होतो तो तिसऱ्यावर: आरोपीला जी इजा करायची होती तीच त्याने केली, आणि ती इजा निसर्गक्रमाने (म्हणजे नेहमीच्या ओघात) मृत्यू यायला पुरेशी होती, तर तो खून. ‘त्याला मारून टाकायचं नव्हतं’ हा बचाव इथे चालत नाही.

‘एकाच घावाने खून होत नाही.’ सुप्रीम कोर्टाचा १९५८ चा विरसा सिंग खटल्यातला निकाल याचं थेट उत्तर आहे. भाल्याचा एकच घाव, पण पोटात इतका खोल की आतडी बाहेर आली. जीव घेण्याचा उद्देश सिद्ध झालेला नाही, असं बचाव पक्षाचं म्हणणं होतं. न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी विचारलेला प्रश्न वेगळा होता: ही जखम त्याला करायचीच होती की चुकून झाली? करायची होती, तर ती जीवघेणी ठरेल हे त्याला कळत होतं का, हे पाहायची गरज नाही. खुनाची शिक्षा कायम राहिली.

‘हातापायांवर मारलं तर खून नाही.’ आंध्र प्रदेशातल्या पुन्नय्या खटल्यात मारेकऱ्यांनी डोकं-छाती टाळली आणि जाड काठ्यांनी हातपाय मोडले. माणूस दुसऱ्या दिवशी गेला. हायकोर्टाने गुन्हा सदोष मनुष्यवधावर आणला होता. सुप्रीम कोर्टाने १९७६ मध्ये तो पुन्हा खून ठरवला. एका जिवावर इतके घाव मोजून घातले जातात, तेव्हा कोणता अवयव वाचवला याला फार अर्थ उरत नाही.

आता रागाचा मुद्दा. यात थोडं तथ्य आहे, आणि म्हणूनच तो जास्त दिशाभूल करतो. ‘गंभीर आणि आकस्मिक प्रक्षोभ’ हा खुनाला अपवाद आहे खरा; तो लागू झाला तर गुन्हा खुनाऐवजी सदोष मनुष्यवध ठरतो. पण प्रक्षोभ गंभीर हवा, आकस्मिक हवा आणि माणसाचा स्वतःवरचा ताबा सुटलेला असतानाच कृत्य घडलेलं हवं. मुंबईतल्या नौदल अधिकारी नानावटीचं प्रकरण आठवा. २७ एप्रिल १९५९ ला दुपारी बायकोने आहुजा नावाच्या माणसाशी असलेले प्रेमसंबंध त्याच्याकडे कबूल केले. त्यानंतर नानावटी काय करतो? बायको-मुलांना सिनेमाला सोडतो. जहाजावर जाऊन खोटं कारण सांगून रिव्हॉल्व्हर आणि सहा काडतुसं घेतो. आहुजाच्या ऑफिसात जातो, तो तिथे नाही म्हटल्यावर त्याच्या फ्लॅटवर जातो. दीड वाजता घर सोडलं, गोळ्या सुटल्या चार वाजून वीस मिनिटांनी. राग शांत व्हायला एवढा वेळ पुरेसा होता, असं सुप्रीम कोर्टाने १९६१ मध्ये म्हटलं आणि जन्मठेप कायम केली. नंतर राज्यपालांनी त्याला माफी दिली. पण माफीने शिक्षा टळते, गुन्ह्याची व्याख्या बदलत नाही.

अचानक जुंपलेल्या मारामारीचाही अपवाद आहे. तिथेसुद्धा गैरफायदा घेतला किंवा क्रूरपणे वागलं की तो मिळत नाही. निःशस्त्र माणसावर कोयता चालवणारा ‘भांडणात झालं’ म्हणून सुटू पाहतो, तेव्हा सरकारी वकिलाने नेमकं इथे बोट ठेवायला हवं.

‘सदोष मनुष्यवध म्हणजे अपघात, दोन वर्षांत सुटका.’ कलम १०५ वाचा. मृत्यू घडवण्याचा किंवा मृत्यू ओढवू शकेल अशी इजा करण्याचा उद्देश असेल तर जन्मठेप, नाहीतर किमान पाच ते दहा वर्षं. उद्देश नाही, पण मृत्यू येऊ शकतो याची जाणीव आहे, तर दहा वर्षांपर्यंत. निष्काळजीपणाचं कलमच वेगळं आहे, १०६. २००६ मध्ये वांद्र्याच्या कार्टर रोडवर दारूच्या नशेतल्या चालकाच्या गाडीखाली फुटपाथवर झोपलेले सात मजूर मेले. सत्र न्यायालयाने तो निष्काळजीपणा मानला, हायकोर्टाने सदोष मनुष्यवध ठरवला, आणि २०१२ मध्ये सुप्रीम कोर्टाने तेच मान्य केलं. शिक्षा मात्र तीनच वर्षांची झाली, आणि ती मला आजही तोकडी वाटते. पण ते कोर्टाने ठरवलेलं प्रमाण होतं, कलमाची मर्यादा नव्हे.

मेसेजच्या शेवटी हमखास असतं: ‘पोलिसांनी ३०२ लावलं नाही, म्हणजे केस मॅनेज झाली.’ ३०२ हे जुन्या दंडसंहितेतलं खुनाच्या शिक्षेचं कलम. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना ते लागतच नाही, खुनाची शिक्षा आता न्याय संहितेच्या कलम १०३ मध्ये आहे. शिवाय पोलिसांनी लावलेलं कलम अंतिम नसतं. आरोप कोर्ट निश्चित करतं आणि निकाल देईपर्यंत ते बदलू शकतं. त्यामुळे घरच्यांनी लक्ष ठेवायचं ते पुराव्यावर: हत्यार कुठून आलं, घाव किती आणि कुठे, आणि शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरने साक्षीत ती इजा निसर्गक्रमाने मृत्यू यायला पुरेशी होती असं स्पष्ट म्हटलं का. तो प्रश्न विचारायचा राहिला, तर सरकारी वकिलाला तिथल्या तिथे आठवण करून द्या.