करवलीचा मान आणि पाच हजार रुपये

आज संध्याकाळी भाचीचा फोन. "मावशी, पाच हजार जीपे करतेस का? पगार झाला की लगेच परत देते. आणि आईला सांगू नकोस."

"आईला सांगू नकोस" ऐकलं की मावशीच्या पोटात गोळा येतो. अपघात, नोकरी गेली, कुणी फसवलं, सगळं दोन सेकंदात डोळ्यांपुढून गेलं. निघालं काय, तर मैत्रिणीची बॅचलरेट!

तुळशीचं लग्न झालं की मैत्रिणीचं लग्न. त्याआधी सहाजणी गोव्याला, आसगावात व्हिला, दोन रात्री. भाचीने ग्रुपवरच्या मेसेजचा स्क्रीनशॉट पाठवला. व्हिल्याचे प्रत्येकी ७,२००. नवरीचा वाटा त्यातच धरलेला, कारण नवरीने खर्च करायचा नसतो म्हणे. सगळ्यांचे सारखे गुलाबी कपडे, १,८००. मोपापर्यंतचं विमान जिचं तिने. आणि सगळ्यात खाली, हसऱ्या चेहऱ्यासकट: "गिफ्ट प्रत्येकीचं वेगळं हं. नो प्रेशर, पण प्लीज दोन हजारांच्या खाली नको, अनबॉक्सिंगचं रील करायचंय."

नो प्रेशर, पण प्लीज. हे वाक्य मी तीनदा वाचलं. माझ्या सासूबाईंना आयुष्यभर इतकं गोड टोचता आलं नाही.

माझी भाची चोवीस वर्षांची आहे, पहिली नोकरी, हातात सत्तावीस हजार. बाणेरच्या पीजीचे अकरा हजार त्यातून गेले की उरतं काय, हिशेब तुम्हीच करा. आणि ही पोरगी माझ्याकडे आईच्या चोरून उसने पैसे मागते, तेही गुलाबी पँटसाठी.

मला माझं केळवण आठवलं. २०१० साल, सदाशिव पेठेत आम्ही दोघी कॉट बेसिसवर राहायचो. मालकीणबाईंचा नियम, खोलीत चहाशिवाय काही करायचं नाही. लग्नाच्या आधीच्या रविवारी माझ्या रूममेटने मेसमधून फीस्टचे दोन डबे आणले, मालकीणबाईंकडून पाट मागून घेतला, ताटाभोवती रांगोळी काढली आणि मला ओवाळलं. मग तुळशीबागेतून आणलेला मिसळणाचा डबा हातात ठेवला. सातही वाट्या भरलेल्या. मोहरी, जिरं, हळद, तिखट, सगळं. झाकणावर माझं माहेरचं पूर्ण नाव घालून घेतलेलं. म्हणाली, "तिकडे गेल्यावर कोणी काय वाट्टेल ते नाव ठेवू दे, फोडणी तू ह्याच नावाने करायची."

तो डबा आजही माझ्या ओट्यावर आहे. मघाशी आमटीला फोडणी घालताना त्याच्याकडे बघूनच हे सगळं डोक्यात गेलं, म्हणून लिहायला बसले.

अगं बायांनो, आपल्याकडे करवली असते. नवरीच्या मागे दिवा धरून उभी राहते, हातात करा घेऊन मिरवते. तिला मानाची साडी मिळते. तिचा मान राहून गेला की रुसते, आणि तिची समजूत काढायला मोठी माणसं धावतात. म्हणजे करवली होणं हा घेण्याचा मान होता! आता तीच करवली व्हिल्याचं भाडं भरते, नवरीचं भाडं भरते, कपडे स्वतःचे घेते, वर दोन हजारांची भेट आणते आणि रुसायची सोयच नाही, कारण ग्रुपवर सगळ्यांनी आधीच बदाम टाकलेत.

बरं, ज्यांच्याकडून हे उचललं त्यांच्याकडे तरी असं आहे का? माझी चुलत बहीण न्यू जर्सीत असते, तिथे दोनदा ब्राइड्समेड झाली. तिकडेही खर्च प्रचंड, ड्रेस स्वतःचा, नवरीचा वाटा मैत्रिणींनी उचलायचा, सगळं खरं. पण भेटी द्यायच्या त्या ब्राइडल शॉवरला, म्हणजे लग्नाआधी नवरीला भेटी द्यायच्या वेगळ्या कार्यक्रमाला, आणि लग्नाला. बॅचलरेटला आलात, खर्च वाटून घेतलात, झालं. कुणी हौसेने काहीतरी चावट, गमतीचं नेलं तर नेलं. आणि शेवटी नवरी आपल्या ब्राइड्समेड्सना आठवण म्हणून स्वतः काहीतरी देते. हा शेवटचा भाग आपल्याकडे येता येता मोपाच्या सामानाच्या पट्ट्यावर राहिला बहुतेक.

हो, मला माहितीय, आता कुणीतरी कमेंटमध्ये आहेर काढणार. काढा. गावाकडे मांडवात लाउडस्पीकरवरून कुणी किती दिले ते पुकारायचे, तेव्हा कमी देणाऱ्याने मान कुठे खाली घालायची? वहीत नोंद, मग तेवढंच उसनं फेडायचं. आपलं जुनं सगळं सोन्याचं होतं असं मी म्हणत नाहीये. पण निदान पत्रिकेवर "कृपया आहेर आणू नये" छापण्यापर्यंत तरी आपण आलो होतो ना! तिथून पुढे यायचं सोडून हे कुठे निघालो?

आणि पोरींनी गोव्याला जाऊ नये असंही नाही. जा. आमच्या वेळी लग्नाआधी मैत्रिणींबरोबर दोन रात्री बाहेर म्हटलं असतं तर घरी भूकंप झाला असता. मजा करा, नाचा. फक्त व्हिला बुक करायच्या आधी एकेकीला वेगळा फोन करून विचारा, तुला किती जमेल? ग्रुपवर नाही. ग्रुपवर कोण सांगणार, मला जमत नाही म्हणून? आणि भेट द्यायचीच हौस असेल तर सगळ्यांनी मिळून एक द्या. पाकिटात कोणाचे किती ते नवरीला कळायचं कारणच काय?

आता इथपर्यंत तावातावाने टाइप केलं आणि हात थांबला. कारण डब्याची गोष्ट मी अर्धीच सांगितली.

डबा देणारी माझ्या लग्नाला आली नाही.

लग्न कोल्हापूरला होतं. मी मैत्रिणींना फर्मान काढलं होतं, सगळ्यांनी मोरपंखी काठपदराच्या साड्या नेसायच्या, दुकान मी सांगते. फोटो छान येतात म्हणून! आदल्या दिवशी तिचा मेसेज आला, ताप भरलाय. मी चिडले. माझ्या अल्बममध्ये पाच मोरपंखी साड्या आहेत आणि सहावीची जागा माझ्या डोक्यात कितीतरी वर्षं सलत होती. एवढं प्रेमाने केळवण केलं आणि लग्नालाच नाही?

मागच्या वर्षी ती घरी आली होती. ओट्यावरचा डबा बघून हसली. म्हणाली, "अगं, ताप वगैरे काही नव्हता. ती साडी बावीसशेची होती. माझा पगार सहा हजार, आणि डब्याला साडेतीनशे आधीच गेले होते." ती हसत सांगत होती. मी गॅस बारीक करायच्या निमित्ताने पाठ फिरवली.

तेव्हा रील नव्हती, एवढाच काय तो फरक. "नो प्रेशर" म्हणायचंही मला सुचलं नव्हतं.

तर मघाचा राग थोडा त्या ग्रुपवरच्या मुलीवर होता, थोडा कुणावर ते कळलं असेलच. त्या मुलीला शिव्या घालू नका कमेंटमध्ये. लग्नघरात माणसाचं डोकं जागेवर नसतं.

भाचीला पैसे पाठवले. आईला सांगणार नाही असं कबूलही केलं (ताई, हे वाचत असशील तर उद्या बोलू). तिला म्हटलं, गिफ्टवर दोन हजार घालू नकोस, तुळशीबागेत जा, मिसळणाचा डबा घे, तिचं नाव घालून घे, वाट्या भरून दे.

पाच मिनिटं टायपिंग टायपिंग दिसत होतं. मग आलं: "मावशी, आयडिया गोड आहे गं. पण रीलमध्ये स्टीलचा डबा कसा दिसेल?"

मी अजून उत्तर दिलेलं नाही.