तिर्री, सत्ती आणि संशय

गेल्या महिन्यात आमच्या कौटुंबिक व्हॉट्सॲप गटावर जुना वाद पुन्हा पेटला. निमित्त भुताखेतांच्या एका मराठी मालिकेचे होते. निवृत्त विज्ञानशिक्षक असलेले आणि अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात हयात घालवलेले माझे मामा म्हणाले, की ज्या राज्याने २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा केला तिथे रोज रात्री घरोघर हडळी नाचवणे ही त्या कायद्याची थट्टा आहे. त्यावर, भुते ही आपली संस्कृती आहे, असे एका मावसभावाने ठणकावून सांगितले. हेलसिंकीत बसून हे वाचताना माझ्या लक्षात आले, की एका बाबतीत दोघांचेही एकमत आहे. अद्भुत कथा वाचणारा माणूस तिच्यातल्या भुतावर विश्वास ठेवतो, हे दोघांनीही गृहीत धरले आहे.

मी इथे रशियन साहित्यातील अद्भुताचा अभ्यास करते, आणि त्या अभ्यासाने माझ्यापुरते तरी हे गृहीतक मोडीत काढले आहे. या कामाला हेलसिंकी सोयीची आहे. फिनलंड रशियन साम्राज्यात असताना, १८२८ पासून १९१७ पर्यंत, साम्राज्यात छापलेल्या मजकुराची एक प्रत कायद्याने इथल्या विद्यापीठ ग्रंथालयाकडे येत असे. मार्च २०२२ मध्ये पीटर्सबर्गची थेट आगगाडी बंद झाली, तेव्हापासून साडेतीन तासांवरचे ते शहर मला मुख्यतः या कपाटांतच भेटते. निकोलाय गोगोलची ‘नाक’ ही कथा १८३६ मध्ये कवी पुश्किनच्या ‘सोव्रेमेन्निक’ त्रैमासिकाच्या तिसऱ्या अंकात आली, तेव्हा पुश्किनने तिला एक छोटी टीप जोडली होती. लेखक ही गंमत छापायला तयार नव्हता, पण तिच्यात अनपेक्षित, अद्भुत, मजेदार आणि अस्सल असे इतके काही सापडले की आम्ही त्याला राजी केले, असे त्या टिपेत म्हटले आहे. म्हणजे ‘अद्भुत’ हा शब्द समीक्षकांनी मागाहून चिकटवलेला नाही, तो संपादकानेच पहिल्या दिवशी वापरला होता.

पण अद्भुताचे यंत्र कसे चालते हे पाहायचे तर पुश्किनचीच १८३४ मधली ‘इस्पिकची राणी’ समोर ठेवावी. पत्त्यांचे गुपित काढून घेण्यासाठी हेरमान हा तरुण अधिकारी एका म्हाताऱ्या काउंटेसवर पिस्तूल रोखतो आणि ती भीतीनेच मरते. अंत्यविधीच्या दिवशी तो नेहमीपेक्षा जास्त दारू पितो. रात्री त्याला जाग येते, सपाता घासत कोणीतरी खोलीत येते, आणि ती काउंटेस असते. तिर्री, सत्ती, एक्का, एवढे सांगून ती निघून जाते. हेरमान बाहेरच्या खोलीत जाऊन पाहतो, तर नोकर झिंगून जमिनीवर झोपलेला आहे आणि दाराला कुलूप आहे. इथपर्यंत कोणताही विवेकवादी म्हणेल की हा दारूचा आणि अपराधी मनाचा खेळ आहे. अडचण पुढे येते. हेरमान खेळायला बसतो तेव्हा पहिल्या रात्री तिर्री खरोखर जिंकते आणि दुसऱ्या रात्री सत्तीही जिंकते. तिसऱ्या रात्री एक्का जिंकतो, पण हेरमानच्या हातात एक्क्याऐवजी इस्पिकची राणी असते आणि ती त्याच्याकडे पाहून डोळा मिचकावते.

हे भूत हेरमानच्या मनातून आले की खरोखर परलोकातून, हे वाचकाला शेवटपर्यंत ठरवता येत नाही, आणि दस्तयेव्स्कीने १८८० मधील एका पत्रात याच कथेला अद्भुताच्या कलेचा कळस म्हटले. तत्त्वज्ञ व्लादिमीर सोलोव्योव यांनी १८९९ मध्ये एका प्रस्तावनेत त्याचे सूत्र केले: खऱ्या अद्भुतात साध्या स्पष्टीकरणाची बाह्य शक्यता नेहमी शिल्लक असते, पण त्या स्पष्टीकरणात आतून जीव नसतो. सोफियात जन्मलेल्या आणि पॅरिसमध्ये काम केलेल्या समीक्षक त्स्वेतान तोदोरोव यांनी १९७० च्या आपल्या ग्रंथात हा धागा उचलून वाचकाची द्विधा हेच अद्भुताचे लक्षण ठरवले. (गोगोलचे नाक त्यांच्या चौकटीत काही केल्या बसत नाही. राजसल्लागाराचा गणवेश घालून हिंडणारे नाक पाहून कथेत कोणालाच पुरेसे आश्चर्य वाटत नाही. तोदोरोव यांनी ही अडचण लपवली नाही, हे त्यांचे मोठेपण.)

हे वाचताना मला शाळेतले मराठी व्याकरण आठवले. ‘दोरी की साप?’ असा संशय टिकून राहिला तर तो ससंदेह अलंकार, आणि सापच समजून काठी हाणली तर तो भ्रांतिमान. भ्रमातून कृती घडावी लागते, ही अट आमच्या बाईंनी फळ्यावर दोनदा अधोरेखित केली होती. जादूटोणाविरोधी कायदाही भ्रांतीतून होणाऱ्या कृतीलाच शिक्षा करतो. पुश्किनची कथा ससंदेहात राहते, आणि मामा ज्या मालिकेवर चिडले ती संशयाला जागाच ठेवत नाही. तिथे पार्श्वसंगीतच भूत खरे असल्याचे जाहीर करते आणि शेवटी मांत्रिक येऊन प्रश्न सोडवतो. त्या मालिकेवर मामांचा राग योग्यच आहे, पण त्या रागात सगळे अद्भुत साहित्य ओढणे मला पटत नाही.

रशियात ही ओढाताण एकदा होऊन गेली आहे. फेब्रुवारी १९२८ मध्ये लेनिनच्या पत्नी क्रुप्स्काया यांनी ‘प्राव्दा’ या पक्षाच्या मुखपत्रातून चुकोव्स्कीच्या ‘मगर’ या बालकवितेवर हल्ला चढवला. परीकथा मुलांना वास्तवापासून दूर नेतात, असे मानणारे शिक्षणतज्ज्ञ तेव्हा पुष्कळ होते. त्याच वर्षी लेनिनग्राडमध्ये लोककथांचे अभ्यासक व्लादिमीर प्रॉप यांनी, जादूच्या कथांचा सांगाडा ३१ घटकांच्या ठरावीक क्रमाने चालतो, हे दाखवणारे पुस्तक छापले. त्याच वर्षी बुल्गाकोव यांनी ‘मास्टर आणि मार्गारीता’ ही कादंबरी लिहायला घेतली. तिच्या आरंभीच, येशू कधी झालाच नाही असे एका कवीला पटवून देणाऱ्या संपादकापुढे सैतान येऊन उभा राहतो. ती छापून यायला १९६६ उजाडले, आणि तेव्हाही कात्री लागलीच.

तरीही हे लिहिताना मी जपून आहे. ससंदेहाची चर्चा मी करते ती उबदार वाचनालयात. पुण्यात २० ऑगस्ट २०१३ रोजी सकाळी डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या झाली आणि काही दिवसांतच त्या कायद्याचा वटहुकूम निघाला. मामांसाठी हा वाद साहित्यप्रकाराचा नाही, आणि त्यांना तोदोरोव वाचायला सांगणे हा माझा उद्धटपणा झाला असता. म्हणून मी स्वतः केलेला ‘इस्पिकची राणी’चा अनुवाद त्यांना पाठवला.

दोन दिवसांनी मामांचे लांबलचक उत्तर आले. त्यात रिकाम्या पोटी घेतलेली दारू, अर्धवट झोप आणि अपराधभाव या सगळ्यांचा क्रमवार हिशेब होता, आणि भुताचा प्रश्न त्यांनी निकालात काढला होता. दुसऱ्या दिवशी पहाटे, म्हणजे इथल्या मध्यरात्री, त्यांचा आणखी एक निरोप आला: “ते सगळं ठीक आहे गं, पण तिर्री आणि सत्ती लागोपाठ लागल्या कशा?”