पन्हाळ्याचा नाका आणि होंगत्सुनची तिकीटखिडकी

जुलै 2025 मध्ये महाराष्ट्रातले 11 आणि तमिळनाडूतला जिंजी असे मराठ्यांचे 12 किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. त्याआधी काही महिने त्यांतल्याच पन्हाळ्याचे रहिवासी अस्वस्थ होते. गडावर नगरपरिषद आहे, शाळा आहे, पिढ्यान्‌पिढ्यांची घरं आहेत. उद्या यादीत नाव गेलं की आपल्याला खाली उतरवतील, ही त्यांची भीती. तसं काही होणार नाही, असं प्रशासनाने सांगितलं. चर्चा मात्र अजून तिथेच फिरते. एक बाजू म्हणते वस्ती हटवा, गडाचं पावित्र्य राखा. दुसरी म्हणते लोकांच्या पोटावर पाय आणू नका.

ही भांडणं इथे, चीनच्या पूर्व भागात राहून वाचताना वाटतं की दोन्ही बाजू चुकीच्या प्रश्नावर जोर लावताहेत. वस्ती असलेल्या वारशाचं काय होतं, हे बघायला इथून एका दिवसाच्या सहलीवर जागा आहे. आन्हुई प्रांताच्या दक्षिणेला, ह्वांगशान पर्वताच्या पायथ्याशी शीदी आणि होंगत्सुन ही दोन गावं. 2000 साली ती यादीत गेली. आजूबाजूला सगळा चहाचा मुलूख. दोन्ही गावांत माणसं राहतात आणि दोन्ही गावं तिकीट लावून दाखवली जातात. प्रत्येकी 104 युआन.

इथल्या हांगजोऊ शहरातून निघणाऱ्या मार्गदर्शित सहलीचा साचा ठरलेला असतो. सकाळी सातच्या सुमाराची वेगवान गाडी, 2018 च्या डिसेंबरात सुरू झालेल्या मार्गावरून दीड तासात ह्वांगशान उत्तर स्थानक, पुढे तासाभराची बस, होंगत्सुनमध्ये दोन तास, जेवण, मग शीदी किंवा चहाचा मळा, आणि सहाच्या पुढची परतीची गाडी. गाडीचं तिकीट पासपोर्टच्या क्रमांकावर निघतं, त्यामुळे मूळ पासपोर्ट जवळ हवाच, फोटो चालत नाही. शाकाहारी मंडळींनी जेवणाआधी 'वो छ्र सू', म्हणजे 'मी शाकाहारी खातो', एवढं म्हणून थांबू नये. रस्सा मांसाचा नको, चरबी नको, हे वेगळं सांगावं लागतं. इकडे बांबूच्या कोंबांच्या भाजीत खारवलेलं डुकराचं मांस घालायची रीत आहे. आणि गल्लीत तव्यावरून गरम गरम मिळणारी ती छोटी खुसखुशीत कचोरीसारखी वस्तू, तिच्यात वाळवलेल्या पाल्यासोबत डुकराची चरबी असते.

होंगत्सुन हे वांग घराण्याचं गाव. बैलाच्या आकारात बसवलेलं, असं वाटाडे सांगतात; टेकडी डोकं, तळी पोट, दगडी पाट आतडी. आकार कल्पनेने बघावा लागतो, पण पाणी खरंच बघण्यासारखं आहे. ओढ्याचं पाणी वळवून घराघरांच्या दारातून नेलंय, ते मधल्या चंद्रतळ्यात येतं, तिथून 1607 सालच्या दक्षिण तलावात आणि मग शेतात. पूर्वी सकाळी आठपर्यंत फक्त प्यायचं पाणी भरायचं आणि त्यानंतरच कपडे-भांडी, असा दंडक सांगतात.

घरात शिरल्यावर मराठी माणसाला ओळखीचं वाटतं ते थ्येनचिंग, म्हणजे चौक. वाड्यातल्या चौकापेक्षा अरुंद आणि उंच. चारही बाजूंची छपरं आत उतरती, पावसाचं पाणी आत पडतं. चारही दिशांची लक्ष्मी घरात यावी, ही भावना. बाहेरच्या भिंतींना खिडक्या जवळजवळ नाहीतच. घरातले पुरुष बारा महिने बाहेरगावी, घरात बायका आणि म्हातारी माणसं, म्हणून भिंती उंच. मधल्या दालनातल्या लांब मेजावर तीन वस्तू मांडलेल्या असतात: मधोमध घड्याळ, एका बाजूला फुलदाणी, दुसऱ्या बाजूला आरसा. घड्याळाच्या ठोक्याचा, फुलदाणीचा आणि आरशाचा चिनी उच्चार एकापुढे एक ठेवला की 'आयुष्यभर शांतता लाभो' असा अर्थ निघतो. व्यापाराला गेलेल्या माणसाच्या घरातला हा रोजचा नवस. बऱ्याच घरांत आता या मेजापुढे काचेची मांडणी आहे आणि तिच्यात चहाचे डबे.

हे व्यापारी म्हणजे ह्वेजोऊचे, म्हणजे या मुलखाच्या जुन्या नावाने ओळखले जाणारे, मीठ, चहा आणि लाकडाचे व्यापारी. डोंगराळ भाग, पिकाऊ जमीन थोडी. तिथली एक म्हण आहे: गेल्या जन्मी पुण्य केलं नाही म्हणून ह्वेजोऊत जन्मलो, तेरा-चौदाव्या वर्षी बाहेर फेकलो गेलो. रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या माणसाला ही म्हण समजावून सांगावी लागणार नाही. तिथली मोठमोठी घरं बाहेरच्या पैशाची. होंगत्सुनमधला छंगझ्रथांग हा सर्वांत देखणा वाडा 1855 च्या सुमाराला मिठाच्या व्यापाऱ्याने बांधला. आपल्याकडे चाकरमान्याच्या पैशावर बांधलेली आणि गणपतीपुरती उघडणारी घरं याच जातीची.

आता मुद्द्याची गोष्ट, तिकिटाचा पैसा. होंगत्सुनचं पर्यटन 1990 च्या दशकाच्या शेवटी 30 वर्षांच्या कराराने बाहेरच्या कंपनीकडे गेलं. गावाला मिळणारा वाटा अगदी किरकोळ होता, त्यावरून गावकरी चिडले, तक्रारी-निदर्शनं झाली, मग तो वाढवावा लागला. शेजारच्या शीदीने आधी वेगळी वाट धरली होती. तिथे गावानेच पर्यटनाची कंपनी चालवली आणि वर्षाच्या अखेरीला घरातली माणसं आणि जुन्या घराचं क्षेत्रफळ, असे दोन्ही हिशेब धरून पैसे वाटले. म्हणजे ज्याने पडवी जपली, लाकडी कोरीव खांब विकला नाही, त्याला त्याबद्दल काही मिळालं. पुढे शीदीचाही कारभार मोठ्या कंपनीकडे गेला, पण क्षेत्रफळाची ती कल्पना मला या सगळ्यातली सर्वांत शहाणी वाटते.

दुसरा त्रास पैशापेक्षा खोल आहे. जुन्या घराला मजला चढवायचा नाही, खिडकी फोडायची नाही, भिंतीचा रंग बदलायचा नाही. नियम बरोबर आहेत. पण त्याच घरात संडास-बाथरूम कुठे करायचं, म्हाताऱ्या आईला लाकडी जिना कसा चढवायचा, याचं उत्तर नियमांत सोपं नसतं. त्यामुळे अनेक कुटुंबं गावाबाहेर नवी घरं बांधून गेली आणि जुनं घर दुकानाला किंवा निवासगृहाला भाड्याने दिलं. भिंती उभ्या आहेत, छत शाबूत आहे, आत राहणारे भाडेकरू दुसऱ्या जिल्ह्यातले. कागदावर वस्ती कायम.

पन्हाळ्याबद्दल माझी काळजी हीच आहे. कोणी बुलडोझर आणणार नाही. तीन दरवाजाकडच्या आळीतल्या घराला दुरुस्तीची परवानगी मिळायला वर्षानुवर्षं जातील, मुलगा कोल्हापुरात फ्लॅट घेईल आणि घर हॉटेलवाल्याला देईल. विस्थापन असंही होतं.

'चीनमध्ये हुकूम चालतो, आपल्याकडे लोकशाही आहे, त्यांची तुलना कशाला?' असं कोणी म्हणेल. पण होंगत्सुनमध्ये हुकूम चालला नाही, म्हणूनच तर वाटा बदलावा लागला. करार करताना गावाला विचारलं नव्हतं, त्याची किंमत पुढे सगळ्यांनी मोजली. आपल्याकडे निवडून आलेली नगरपरिषद आहे आणि ती नाक्यावर प्रवासी कर घेतेच. म्हणजे तिकीटखिडकी आपल्या हातात आहे, जी होंगत्सुनच्या हातात नव्हती.

आता चहाकडे येऊ, कारण दिवसाच्या सहलीत सर्वांत जास्त फसगत तिथेच होते. या मुलखाचे तीन चहा प्रसिद्ध: ह्वांगशान माओफेंग, थायपिंग होउख्वे हे हिरवे, आणि छीमेनचा लाल, ज्याला आपण काळा चहा म्हणतो. उत्तम माओफेंगसाठी एक कळी आणि एक पान खुडतात, एप्रिलच्या सुरुवातीच्या छिंगमिंग सणाच्या आगेमागे. होउख्वे थोडा उशिरा, 20 एप्रिलच्या सुमारापासून मेच्या सुरुवातीपर्यंत. दोन पानांच्या कुशीत कळी, लांबट आणि सपाट, जाळीवर एकेक पान हाताने मांडून दाबलेलं.

खुडणी सकाळी होते, दुपारी पानं पसरून ठेवतात, कढईचं काम संध्याकाळी लागतं. दुपारी तीनला पोचणाऱ्या बसला यातलं काहीच दिसत नाही. तिला दिसतं ते प्रात्यक्षिक: एक माणूस मूठभर पानं गरम कढईत फिरवतो आणि दहा मिनिटांत विक्री सुरू होते. खरं काम बघायचं असेल तर मळ्याजवळ मुक्काम करावा, एप्रिलच्या मधल्या आठवड्यात, सुट्टीचे दिवस टाळून. कढई दीडशे अंशांच्या वर तापलेली हवी, म्हणजे पानातलं विकर, म्हणजे पान लाल करणारं एन्झाइम, मरतं आणि रंग हिरवा राहतो. ताव कमी पडला तर देठ लालसर होतात, जास्त झाला तर कडा करपतात आणि कपात धुराचा वास येतो. दुकानातल्या चहाची पानं ओली झाल्यावर उलगडून बघा. हे दोन्ही दोष तिथे उघडे पडतात.

भाव विचारताना आधी माप विचारा. एक जिन म्हणजे 500 ग्रॅम, एक ल्यांग म्हणजे 50. पाटीवरचा आकडा ल्यांगचा आणि मनातला हिशेब जिनचा, असा घोटाळा नेहमी होतो. होउख्वे म्हणून जर कागदासारखी पातळ, रुंद, एकसारखी चपटी पानं दाखवली तर ती यंत्राने दाबलेली. खरं पान जाडसर, दोन्ही टोकांना निमुळतं, आणि उंच ग्लासात उभं राहतं. गेल्या वर्षीचा हिरवा चहा पिवळट आणि बिनवासाचा असतो.

घरी करताना 3 ग्रॅम चहाला 150 मिली पाणी, उकळी आल्यावर झाकण काढून तीन-चार मिनिटं थांबून, दोनेक मिनिटं मुरवायचं. खळखळतं पाणी ओतलं की कडू होतो आणि मग आपली माणसं म्हणतात 'गवताचं पाणी'. दूध घालायचंच असेल तर छीमेन घ्या, तो सोसतो. आलं घालून उकळायला मात्र तोही नको.

हे सगळं वाटाड्याने सांगायला हवं. पण सहल स्वस्त असली की त्याची कमाई दुकानाच्या कमिशनवर असते, आणि जिथे कमिशन असतं तिथे जिन-ल्यांगचा फरक कोण समजावणार? सहल ठरवताना एकच प्रश्न विचारावा: दुकानात थांबा आहे का, असल्यास किती वेळ. चाळीस मिनिटांपेक्षा जास्त असेल तर ती चहाच्या दुकानाची सहल आहे, गाव वाटेत लागतं.

तेव्हा पन्हाळ्यापुरतं सांगायचं तर तीन गोष्टी आत्ताच, गाड्यांची रांग वाढायच्या आधी लेखी व्हाव्यात. जुन्या घराच्या दुरुस्तीचा अर्ज किती दिवसांत निकाली निघेल, आणि संडास-बाथरूमसाठी मंजूर नमुना कोणता. गडावर दुकानं किती, कुठे, आणि घर भाड्याने द्यायचं तर राहत्या कुटुंबानेच देण्याची अट. आणि प्रवासी कराचा हिशेब. नाक्यावर मिळणाऱ्या पावतीची मागची बाजू कोरी असेल तर तिथे छापा: या पैशातले तटबंदीला किती, पाण्याला किती, आणि ज्यांनी घर राखलंय त्यांना क्षेत्रफळाप्रमाणे किती.