सराव संपल्यावर सड्यावर काय उरते?

गोव्यातला सडा, म्हणजे जांभ्या दगडाचा उघडा माळ, ही ओसाड जागा, लष्कर चार दिवस गोळाफेकीचा सराव करून निघून जाईल, गावाचे काय बिघडते, असे म्हणणारे बरेच आहेत. माझा ठाम विरोध आहे, आणि तो लष्कराला नाही, या हिशेबाला आहे.

तोफेतून सुटताना बसणारा हिसका आणि हवेतली गिरकी यांनी गोळ्याच्या फ्यूजचे, म्हणजे स्फोट घडवणाऱ्या कळीचे, कुलूप उघडते. पुढे तो चिखलात, बर्फात किंवा तिरका पडला तर कधी कधी फुटतच नाही. कुलूप मात्र उघडे राहते. वरून गंज चढतो, आतली दारू शाबूत. मग कुदळीचा एक घाव पुरतो, किंवा भंगारात विकायला तांब्याचा पट्टा काढताना मारलेला हातोडा. काश्मीरच्या तोसामैदान कुरणावर 1964 ते 2014 असा सराव चालला. साफसफाई झाल्यावरही तिथे माणसे दगावली.

आपल्याकडे तर जांभा. त्यातल्या लोहामुळे धातू शोधणारा डिटेक्टर उगाच वाजत राहतो, आणि संवेदनशीलता कमी केली की खोल रुतलेला गोळा सुटतो. त्यात आपला पाऊस: सड्यावरची माती, आणि तिच्यात असेल ते, ओहळातून थेट खालच्या कुळागरात, म्हणजे माड-पोफळीच्या बागेत, येते.

झारखंडच्या नेतरहाट पठारावर 245 गावे अशा सरावासाठीच्या सरकारी अधिसूचनेखाली होती. मार्च 1994 मध्ये लोक रस्त्यावर बसले, सराव थांबला. तरी कागदावरची मुदत मे 2022 पर्यंत चालली. अशा सरावासाठीच्या 1938 च्या कायद्यात बुडालेली मजुरी आणि खराब झालेले पीक यांची भरपाई आहे, पण अधिकाऱ्याचा निर्णय मान्य नसेल तर अपिलाची सूचना 15 दिवसांत द्यावी लागते. काजूच्या दिवसांत बागायतीत जायला बंदी आली तर बोंडू झाडाखालीच कुजणार. पंचनामा त्याच आठवड्यात झाला नाही तर दाखवणार काय?

मार्च 2016 मध्ये आपल्या दक्षिण गोव्यातल्या नाकेरी-बेतूलच्या सड्यावर संरक्षण प्रदर्शन भरले, तेव्हा लोकांनी ही जागा पुढे कोणाकडे राहणार हे विचारले. योग्यच विचारले. सरावाचा प्रस्ताव कुठेही आला तर ग्रामसभेने आणखी एक मागावे: किती गोळे सुटले, किती फुटले, याचा आकडा रोज संध्याकाळी पंचायतीत.

आणि न फुटलेला गोळा किंवा असले काही दिसलेच तर हात लावू नका, दगड मारू नका. आलात त्याच पावलांवर मागे फिरा, लांबच्या झाडाला कापड बांधा, गुरे वळवा आणि 112 ला फोन करा. मुलांना हे आधीच सांगून ठेवा.