भूक लागण्याआधी ई-केवायसी करून घ्या

बाळाचा चेहरा कुणावर गेलाय, हा वाद आत्या आणि मावशीवर सोपवा. आधी तुमचा चेहरा तुमच्या आधार कार्डावरच्या फोटोवर जातो का, ते बघा. जात असेल तर बाळाला सरकारी पोषण मिळण्याची बरीच आशा आहे. जात नसेल तर बाळ कितीही गोंडस असो, अ‍ॅपचा नाइलाज आहे.

घाबरून जाऊ नका. मुंबईत अंगणवाडीचं पाकीट मिळवणं अवघड नाही, फक्त तयारी लग्नाच्या आधीपासून हवी. १ जुलै २०२५ पासून घरी न्यायचा आहार, म्हणजे टीएचआर, हातात पडण्याआधी सरकारच्या ‘पोषण ट्रॅकर’ अ‍ॅपवर चेहरा पडताळला जातो. मूल सहा महिने ते तीन वर्षांचं असेल तर चेहरा आईचा किंवा नोंदवलेल्या पालकाचा. आता तुमच्या आधारवरचा फोटो कधीचा, ते आठवा. बहुतेकींचा गावच्या शाळेत पांढऱ्या चादरीसमोर बसवून काढलेला असतो. दोन वेण्या, तेल लावलेले केस, आणि ‘हलू नको’ म्हणून ओरडलेल्या माणसाची भीती डोळ्यांत. त्यानंतर लग्न झालं, मुंबई झाली, बाळंतपण झालं. केस गळले, डोळ्यांखाली काळं आलं, गाल एक तर बसले नाही तर सुजले. अ‍ॅप मात्र अजून त्या दोन वेण्यांच्या मुलीलाच शोधतंय. तेव्हा गरोदरपणात चेहऱ्यात बदल होऊ देऊ नका. कॅमेऱ्यापुढे डोळ्यांची उघडझाप करायला सांगतात, तिचाही सराव ठेवा. रात्रभर जागलेल्या बाईला डोळे मिटणं सहज जमतं, अडचण परत उघडताना येते.

चेहऱ्याआधी ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळख पटवणं, आणि ई-केवायसीसाठी ओटीपी. तो कुठे जातो? आधारला जोडलेल्या नंबरवर. तो नंबर कुणाचा? लग्नाआधी वडिलांचा होता, मग भावाने ते सिम घेतलं, आता भाऊ भिवंडीच्या गोदामात कामाला आहे आणि कामावर फोन लॉकरमध्ये ठेवावा लागतो. ओटीपीची मुदत संपेपर्यंत त्याची जेवणाची सुट्टी होत नाही. म्हणून मुलगी बघायला येणाऱ्यांना माझा सल्ला असतो की पत्रिका जुळते का ते मागाहून बघा, मोबाइल नंबर जोडलाय का ते आधी विचारा.

आणि पाकीट घ्यायला आजीला पाठवू नका. आजीने तुम्हाला वाढवलं, तुमच्या बाळाला न्हाऊमाखू घालते, दिवसभर सांभाळते, हे सगळं खरं. पण तिचा चेहरा नोंदवलेला नाही. तुम्ही कामावर असता तेव्हा अंगणवाडी उघडी असते आणि तुम्ही घरी येता तेव्हा तिला कुलूप असतं. यावर उपाय अगदी सोपा आहे. अर्ध्या दिवसाचा खाडा करा.

यात सेविकाताईंवर चिडू नका, एवढं मात्र मी उपरोध बाजूला ठेवून सांगते. चाळीतल्या एका खोलीत तीस पोरं, वजनकाटा, पोळ्यांचा डबा आणि नेटवर्क नसलेला फोन सांभाळणारी बाई ही काही सरकार नव्हे. सरकारने दिलेले मोबाइल इतके भारी होते की २०२१ मध्ये राज्यभरातल्या सेविकांनी ते परत करण्याचं आंदोलन केलं. पोषण ट्रॅकर सुरुवातीला आला तो इंग्रजीतून. ४ डिसेंबर २०२३ पासून त्या संपावर गेल्या, तो संप पन्नास दिवसांच्या वर चालला, आणि तेव्हा शहराला पहिल्यांदा कळलं की अंगणवाडी नावाचं काहीतरी आपल्या गल्लीतही आहे. तुमचा चेहरा जुळत नाही म्हणून रेंज शोधत जिन्यात उभी राहते ती हीच बाई. तिला पाणी विचारा.

आता मुख्य मुद्दा, दुधाचा. तुमचं बाळ सहा महिन्यांच्या आतलं असेल तर त्याला स्वतःला काही मिळणार नाही. पाकीट मिळेल ते तुम्हाला, स्तनदा माता म्हणून. तुम्ही खायचं, बाळाने तुमच्याकडून घ्यायचं. वैद्यकशास्त्र याच बाजूचं आहे. पहिले सहा महिने निव्वळ आईचं दूध, पाण्याचा थेंबही नाही, आणि याबद्दल माझी काही तक्रार नाही. फक्त या योजनेतली आई दिवसभर घरी असते. मुंबईतली आई कुठे असते, हे सकाळी सातच्या लोकलच्या लेडीज डब्यात येऊन बघावं.

कायदा आहे ना! २०१७ च्या दुरुस्तीपासून प्रसूती रजा बारा आठवड्यांवरून सव्वीस आठवड्यांवर गेली. सव्वीस आठवडे म्हणजे बरोबर सहा महिने, हिशेब चोख. दहा किंवा जास्त माणसं कामाला असलेल्या आस्थापनेला तो लागू होतो. तुम्ही ज्या चार घरी भांडी घासता ती चार घरं मिळून एक आस्थापना होत नाही. पन्नास किंवा जास्त माणसं असली तर मालकाने पाळणाघरही द्यायचं असतं. तेव्हा पाळणाघर हवं असेल तर पन्नास मोलकरणी ठेवणारी एखादी मॅडम शोधा. सापडेपर्यंत दूध उतरायच्या वेळा वेस्टर्न रेल्वेच्या वेळापत्रकाशी जुळवून घ्या, स्लो लोकल धरून.

नाही जमत? दीड महिन्यात कामावर गेलात आणि अंगावरचं दूध आटलं? किंवा आई आजारी आहे, किंवा आईच राहिली नाही? मग डब्याचं दूध. तो डबा अंगणवाडीत मागू नका. तिथे तो नसतो, आणि नसण्यामागे एक चांगला कायदा आहे. १९९२ साली संसदेने बाळदूध, बाटल्या आणि शिशुआहार यांच्या जाहिरातीवर बंदी घातली, २००३ मध्ये ती आणखी आवळली. दोन वर्षांच्या आतल्या बाळासाठी जाहिरात नाही, फुकट नमुने नाहीत, डॉक्टर-नर्सना भेटवस्तू नाहीत, डब्यावर गुटगुटीत बाळाचा फोटो नाही. उलट आईचं दूधच सर्वात उत्तम, असं कंपनीने स्वतःच्याच डब्यावर छापायचं. हा कायदा नसता तर प्रत्येक प्रसूतिगृहाच्या दारात टाय लावलेली पोरं नमुन्यांच्या पिशव्या घेऊन उभी दिसली असती. तेव्हा कायद्याला नावं ठेवू नका. कंपनीचा हात बाळाच्या तोंडापासून लांब ठेवला, हे उत्तम झालं. त्या जागी दुसरा कुणाचा हात पुढे करायचा होता, ते राहून गेलं.

तसं म्हणायला सरकारने काहीच केलं नाही असं नाही. २२ सप्टेंबर २०२५ पासून दूध पाजायच्या बाटलीवरचा जीएसटी १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आणला. बाटली स्वस्त झाली. आत काय भरायचं ते तुम्ही ठरवा.

मेडिकलवाल्याकडून चारशे ग्रॅमचा डबा आणलात, तर तीन-चार महिन्यांचं बाळ तो साधारण तीन-चार दिवसांत संपवतं. डब्यात मापाचा चमचा असतो, तो सपाट भरायचा आणि ठरलेल्याच पाण्यात घालायचा. पाणी उकळलेलं हवं, बाटली उकळलेली हवी, उरलेलं दूध फेकून द्यायचं. तुमच्या वस्तीत पाणी पहाटे तासभर येतं आणि गॅसचा सिलिंडर महिनाअखेरीपर्यंत पुरवायचा असतो, हे डबा बनवणाऱ्याला माहीत नाही. मग शेजारची अनुभवी बाई सांगते, ‘अगं, एक चमचा कमी घाल, तेवढाच जास्त दिवस जातो.’ पातळ दुधाने बाळ गप्प होतं, पण त्याचं वजन वाढत नाही, आणि न उकळलेल्या पाण्याने जुलाब लागले तर आहे ते वजनही जातं. मात्र निराश होऊ नका. वजन गेल्याचा पुढे उपयोग आहे.

कसा, ते ऐका. सहा महिन्यांनंतर तुमचं बाळ अन्नसुरक्षा कायद्याच्या हद्दीत येतं. २०१३ चा हा कायदा आला तेव्हा साध्या बाळाला रोज ५०० किलोकॅलरी आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिनं ठरली होती, तीव्र कुपोषित बाळाला ८०० किलोकॅलरी आणि २० ते २५ ग्रॅम; २०२३ मध्ये हे निकष बदलले. पैशांत सांगायचं तर २०१७ मध्ये ठरलेला दर साध्या बाळाला रोज ८ रुपये, तीव्र कुपोषिताला १२. म्हणजे बाळाने जरा मनावर घेतलं तर दिवसाला चार रुपयांची बढती! एक निकष साधा आहे. दंडाला फीत लावतात. साडेअकरा सेंटिमीटरच्या आत घेर असला की लाल पट्टी, काम झालं. साडेअकरा ते साडेबारा म्हणजे पिवळी, इथे बरीच बाळं अडकतात. आजीने गुपचूप तूप-भात चारला असेल तर हिरवी येण्याचाही धोका असतो. तेव्हा मोजमापाच्या आठवड्यात आजीवर लक्ष ठेवा.

आठ रुपये म्हणजे किती, याचा अंदाज नसेल तर बेस्टच्या बसमध्ये चढून बघा. मे २०२५ पासून साध्या बसचं किमान भाडं दहा रुपये आहे. बाळाच्या दिवसभराच्या पोषणात तुम्ही पुढच्या स्टॉपपर्यंतही जाऊ शकत नाही. वर हे पोषण वर्षातले ३०० दिवस. उरलेल्या ६५ दिवसांसाठी बाळाला एकादशी, चतुर्थी, महाशिवरात्र यांची गोडी लवकर लावावी.

पाकिटाच्या चवीबद्दल बोलायचं तर संयम ठेवा. ते पीठ शिजवल्यावर बाळाने थुंकून टाकलं, तर बाळाला अजून सार्वजनिक व्यवहार समजत नाहीत असं म्हणावं. पूरक आहारात ठेकेदार नकोत, गावच्या आणि वस्तीतल्या महिला मंडळांना काम द्या, असं सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्येच सांगितलं होतं. महाराष्ट्राने ते तंतोतंत पाळलं आणि महिला मंडळांच्या पाट्या लागल्या. त्या पाट्यांमागे खाजगी कंपन्या असल्याचं पुढे न्यायालयाच्याच आयुक्तांकडून आलेल्या अहवालात निघालं, तो भाग वेगळा. तुमच्या गल्लीतल्या मंडळाच्या बायका आजही हळदीकुंकवाचे लाडू उत्तम करतात, पण त्यांना कोण विचारतो?

तुमची नणंद न्यू जर्सीत असेल तर ती फोनवर सांगेल, ‘आमच्याकडे सरकार डबा देतं.’ खरं आहे. तिथे डब्ल्यूआयसी नावाची योजना १९७० च्या दशकापासून आहे, आणि ज्या बाळाला आईचं दूध पुरत नाही त्याला कार्डावर दुधाची पावडर मिळते. पण एका राज्यात एकाच कंपनीशी करार, तोच ब्रँड, तेवढ्याच मापाचा डबा. २०२२ मध्ये मिशिगनमधला एक कारखाना बंद पडला आणि अख्ख्या महासत्तेच्या दुकानांतली फळ्या-कपाटं रिकामी झाली. बाळदूध लष्करी विमानांनी आणावं लागलं. तेव्हा नणंदेला म्हणावं, आमच्याकडे असं संकट येऊच शकत नाही. जे मुळात देतच नाही त्याचा तुटवडा कसा होणार?

फुकटचं, शुद्ध, आईचंच दूध मुंबईत मिळतं, हेही सांगून ठेवते. शीव रुग्णालयात डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी १९८९ मध्ये मातृदुग्धपेढी सुरू केली, आशियातली पहिली. बाळंतिणींनी दिलेलं जादा दूध तपासून, पाश्चरीकरण करून अशक्त बाळांना दिलं जातं. या शहराने केलेल्या खरोखर अभिमानाच्या कामांपैकी हे एक, आणि तेही महापालिकेच्या रुग्णालयात, जिथे एका खाटेवर दोघीजणी असतात. फक्त हे दूध अपुऱ्या दिवसांच्या, दाखल असलेल्या बाळांसाठी आहे. तुमच्या बाळाने नऊ महिने नीट पूर्ण करण्याचा आगाऊपणा केला असेल तर त्याला दोष तुम्ही द्या.

माहेरी बाळंतपणाला जायचं असेल तर बाळाची नोंद कुठे राहणार ते आधी ठरवा. सांगलीत जन्म, घाटकोपरमध्ये नाव, आणि तीन महिन्यांनी परत येईपर्यंत दोन्हीकडच्या ताई एकमेकींकडे बोट दाखवतात. आईच्या हातचं तीन महिने खायचं की पाकीट, यातलं एक निवडा.

आणि पहिल्या खेपेचा अनुभव घेऊन दुसऱ्याचा विचार करणार असाल, तर मातृवंदना योजना वाचून घ्या. पहिल्या मुलाला पाच हजार रुपये, दोन हप्त्यांत. दुसऱ्या खेपेला सहा हजार, एकरकमी, पण मुलगी झाली तरच. मुलगा झाल्यास पेढे स्वतःच्या पैशाने वाटावेत, आणि वाटून झाले की नव्या बाळासाठी ई-केवायसी पुन्हा पहिल्यापासून करावी. मधल्या काळात तुमचा चेहरा आणखी बदललेला असेल.