पुस्तकाच्या कडा आणि रिकामपणचे उद्योग : एका प्रतिक्रियेला उत्तर

'पुढचं पुस्तक कसं निवडावं' या माझ्या लेखावर 'बर्डीचा वाचक' या नावाने एक प्रतिक्रिया आली आहे (बर्डी म्हणजे आमच्या नागपूरची सीताबर्डी). ती मी उडवलेली नाही, खाली जशीच्या तशी आहे. ज्यांच्या नजरेतून सुटली त्यांच्यासाठी तिचा मुख्य भाग असा : "मॅडम, काहून एवढा खटाटोप? मोबाइलला विचारलं की दोन मिनिटांत पंधरा नावं हातात. पुस्तकाच्या कडा न् शिक्के पाहत बसणं हे रिकामपणचे उद्योग आहेत, रिटायर माणसांना परवडतात." पुढे चार तक्रारी आहेत. उदाहरणं जुनी आहेत, इंग्रजी वाचणाऱ्यांसाठी काही नाही, ऑडिओबुकांचं नाव नाही आणि 'रहस्यकथेचं शेवटचं पान बघा' असं सांगणारी बाई वाचक असूच शकत नाही. शेवटी मोबाइलने दिलेली पंधरा नावांची यादी नमुना म्हणून चिकटवली आहे.

भाऊ, लेख पटला नाही तर तसं म्हणा, माझं काही म्हणणं नाही. पण लेखात मी कोणाला घाईखोर म्हटलं नव्हतं, आळशी म्हटलं नव्हतं. मग माझ्या निवृत्तीचा विषय मध्येच कुठून आला? पुस्तक कसं पारखायचं याच्याशी पेन्शनचा काय संबंध? ज्यांचं बोलणं वयापासून सुरू होतं त्यांच्याशी वाद घालू नये, असं घरच्यांचं मत पडलं. घालतेच आहे, कारण त्या एका वाक्यात जे गृहीत धरलंय ते चुकीचं आहे आणि ते बरेच जण धरतात.

गृहीत असं, की नाव मिळालं म्हणजे पुस्तक मिळालं. सार्वजनिक वाचनालयाच्या काउंटरमागे माझी सगळी नोकरी गेली. तिथे नावं कोणाकडेच कमी नसायची. पेपरातलं कात्रण, जावेने सुचवलेलं, टीव्हीवर ऐकलेलं असं काही ना काही घेऊनच लोक यायचे. ऑफिस सुटल्यावर धावत येणारे असायचे, ऑटो बाहेर उभा करून येणारेही असायचे. रिकामं कोणीच नव्हतं. तीच पुस्तकं दुसऱ्या दिवशी न वाचता परत यायची. घाई असलेल्याला चुकीचं पुस्तक जास्त महागात पडतं, कारण त्याच्याकडे आठवड्यातली एकच मोकळी संध्याकाळ असते.

आता ते 'कडा न् शिक्के'. वेळ किती लागतो ते घड्याळ लावून बघा, दहा मिनिटांच्या वर जात नाही.

वाचनालयातल्या पुस्तकाच्या मागच्या आतल्या पानावर तारखांची चिठ्ठी चिकटवलेली असते. तिच्यावर परत करायच्या तारखांचे शिक्के असतात. पहिल्या वर्षात शिक्क्यांची गर्दी आणि नंतर सगळं कोरं, असं दिसलं तर ते पुस्तक पुरस्कारामुळे, सिनेमामुळे नाहीतर जाहिरातीमुळे गेलेलं असतं. वर्षाला चार-पाचच शिक्के, पण दहा वर्षं न चुकता, असं असेल तर ते एकाने दुसऱ्याला सांगून चाललेलं पुस्तक. ते बिनधास्त उचला. आणखी एक बघायचं. समजा मुदत पंधरा दिवसांची आहे आणि दोन शिक्क्यांत सहाच दिवसांचं अंतर आहे. म्हणजे आधीच्या वाचकाने मुदतीच्या बऱ्याच आधी पुस्तक परत केलं. एक तर त्याला ते खाली ठेववलं नाही, नाहीतर हातात धरवलं नाही. दोन्हींतलं कुठलं, ते चिठ्ठी सांगत नाही.

ते कडा सांगतात. पुस्तक मिटून कण्याच्या समोरची बाजू उजेडात धरा. बोटांनी मळलेला भाग करडा दिसतो, न उलटलेली पानं फटफटीत राहतात. साडेतीनशे पानांच्या कादंबरीत करडा पट्टा ऐंशी-नव्वद पानांवर संपला असेल, तर बहुतेकांनी तिथेच राम राम केलेला असतो. तेवढंच पान उघडा आणि आधीची-नंतरची दोन पानं वाचा. लोक का थांबले ते दिसतं : नवी दहा पात्रं एकदम आलेली असतात, नाहीतर लेखकाने माहितीचं पोतं ओतलेलं असतं. ती अडचण तुम्हाला अडचण वाटते का एवढंच ठरवायचं. मला युद्धनौकांचे तपशील चालतात, तुम्हाला चालत नसतील. संगणक आलेल्या वाचनालयांत चिठ्ठी कोरी असते हे खरं, पण मळ कोणी संगणकात भरत नाही. नव्या बांधणीत कडा कापलेल्या असतील तर मात्र हा उपाय बाद.

ही झाली सर्वसाधारण तपासणी. प्रकार बदलला की काय बघायचं ते बदलतं, आणि यादीला नेमकं हेच कळत नाही.

रहस्यकथा आणि थरारकथा सगळ्यांत सोप्या. पहिलं पान वाचून निवडू नका, ते सगळेच घासूनपुसून लिहितात. पुस्तकाच्या साधारण तिसऱ्या हिश्शावर उघडा आणि संवाद वाचा. दोन माणसं एकमेकांना दोघांनाही माहीत असलेल्या गोष्टी समजावून सांगत असतील, तर लेखक वाचकाला माहिती पाजतोय. ठेवून द्या. अनुवाद असेल तर आधी श्रेयपान बघा. तिथे 'अनुवाद' आहे की 'रूपांतर', 'संक्षिप्त' की 'आधारित', ते छापलेलं असतं. मूळ नाव आणि मूळ वर्षही तिथेच सापडतं. मालिकेत हे वर्ष फार कामाचं, कारण मराठीत भाग मूळ क्रमाने येतीलच असं नाही. श्यूवाल आणि वालू या स्वीडिश जोडप्याची मार्टिन बेकची दहा पुस्तकं १९६५ ते १९७५ मध्ये आली. प्रत्येकात गुन्हा वेगळा, पण त्या पोलिसाचं घर, तब्येत आणि सहकारी पुस्तकागणिक बदलत जातात. सातवं आधी वाचलं तर गुन्हा उलगडतो, माणूस उलगडत नाही. आपल्याकडे बाबुराव अर्नाळकरांच्या हजारावर रहस्यकथा आहेत. तिथे क्रमाच्या मागे लागू नये. नायक निवडा, झुंजार किंवा काळा पहाड, आणि हाताला लागेल ती घ्या.

शेवटच्या पानाबद्दल : मी पानाचा क्रमांक बघा म्हटलं होतं, मजकूर नव्हे. लेख पुन्हा वाचा. पुस्तक सोळा-सोळा पानांच्या फर्म्यांनी, म्हणजे एकत्र दुमडलेल्या पानांच्या गठ्ठ्यांनी, बांधतात. बर्डीवर जुनं पुस्तक घेताना शिवण सैल झाली असेल तर सगळ्यांत आधी शेवटचा फर्मा गळतो, आणि रहस्यकथेत खुनी नेमका तिथेच असतो. नव्या कोऱ्या प्रतीतही कधी एक फर्मा दोनदा आणि पुढचा गायब असा प्रकार निघतो. सोळा, बत्तीस, अठ्ठेचाळीस या पानांच्या आसपास क्रमांक सलग आहेत का ते पैसे देण्याआधी बघावं. उन्हाळाभर कूलरसमोर राहिलेली पुस्तकं लाटांसारखी वाकतात, त्याने वाचायला काही बिघडत नाही. कसर लागलेलं मात्र घरात आणू नका, बाकीच्यांना लागते.

आत्मचरित्रांत पहिल्यांदा मुखपृष्ठामागचं पान. 'शब्दांकन' असा बारीक टाइप दिसला तर लेखणी दुसऱ्याची आहे. ते वाईटच असतं असं नाही, पण भाषेसाठी घेत असाल तर सावध. मग बालपणाचं प्रकरण सोडा, सगळ्यांची बालपणं हळवी असतात. अनुक्रमणिकेतून भांडणाचं, अपयशाचं किंवा नोकरी सुटल्याचं प्रकरण काढा. तिथे लेखक समोरच्यालाही बोलू देतो की नाही ते पाच मिनिटांत कळतं. तिसरी गोष्ट म्हणजे आवृत्ती. गोडसे भटजींचा 'माझा प्रवास' घ्या, १८५७च्या धामधुमीतून प्रवास केलेल्या माणसाचं हे लेखन. चिं. वि. वैद्यांनी १९०७ मध्ये ते प्रसिद्ध केलं ते बदल करून. मूळ हस्तलिखिताबरहुकूम पाठ दत्तो वामन पोतदारांनी १९६६ मध्ये काढला. दोन्हींवर नाव तेच. मोबाइल 'माझा प्रवास' एवढंच सांगतो, कोणता ते प्रस्तावनेतच बघावं लागतं. आणि नागपुरात राहून आत्मकथनं शोधायला यादी हवी असेल तर कमाल आहे. धम्मचक्र प्रवर्तन दिनाला दीक्षाभूमीच्या परिसरात पुस्तकांचे स्टॉल लागतात, तिथे एक फेरी मारा. वसंत मून यांचं 'वस्ती' तर याच शहराचं आहे, त्यातले रस्ते तुमच्या पायाखालचे आहेत.

इतिहासाला एकच कसोटी, पण कडक. तुम्हाला पक्की माहीत असलेली एक घटना शेवटच्या नावं-विषयांच्या सूचीत शोधा आणि पुस्तक तिच्याबद्दल काय म्हणतं ते वाचा. सूचीच नसेल तर पुस्तक तिथेच निम्मं नापास. नागपूरकराला तर घटना शोधायलाही नको. सीताबर्डीची लढाई २६ नोव्हेंबर १८१७ला सुरू झाली, २७ला संपली. त्यानंतर १६ डिसेंबरला इंग्रजांची मोठी फौज आणि अप्पासाहेब भोसल्यांची फौज नागपुरात पुन्हा भिडली. जे पुस्तक सीताबर्डीनंतर थेट 'आणि भोसल्यांचं राज्य बुडालं' म्हणतं, त्याने मधली छत्तीस वर्षं गिळली. अप्पासाहेबांनंतरचे राजे तिसरे रघूजी वारले डिसेंबर १८५३ मध्ये आणि संस्थान खालसा झालं १८५४ मध्ये. हे दोन टप्पे वेगळे दाखवणारा लेखक बाकीच्या ठिकाणीही काळजी घेतो, असा माझा अनुभव. तळटिपाही बघा : त्यात पत्रं, अहवाल, दफ्तरं आहेत की इतर लेखकांची तीच ती चार पुस्तकं? नागपूरचा इंग्रज रेसिडेंट जेंकिन्स याचा नागपूर राज्यावरचा १८२७चा अहवाल ज्याच्या संदर्भात नाही, त्याने त्या काळातल्या नागपूरच्या महसुलावर ठामपणे बोलू नये.

फॅन्टसीबद्दल थोडक्यात, कारण तुम्ही तिच्याबद्दल काही विचारलेलंच नाही. मालिका पूर्ण झाली आहे का, ते आधी बघा. 'गेम ऑफ थ्रोन्स' ज्या मालिकेचं पहिलं पुस्तक आहे तिचा पाचवा खंड २०११ मध्ये आला, वाचक सहाव्याची वाट बघताहेत. क्रमाचा घोळ असेल तर प्रकाशनाच्या क्रमाने जा. सी. एस. लुईसच्या 'नार्निया' मालिकेत कथेच्या काळानुसार जे पहिलं, ते छापून आलं १९५५ मध्ये, आणि १९५० मध्ये आलेलं पुस्तक आता संचात दुसरं लावतात. १९५०च्या पुस्तकात मुलं कपाटातून दुसऱ्या जगात पोचतात, तिथे समोर काय आहे याचं नवल त्यातच आहे, ते आधीच माहीत करून घेऊ नये. नकाशा आहे म्हणून पुस्तक घेऊ नका. पहिल्या पन्नास पानांत सतत नकाशाकडे परतावं लागतंय का, ते बघा.

ऑडिओबुकांबद्दल मी एक ओळही लिहिली नव्हती, हे तुमचं म्हणणं मान्य. लिहायला हवं होतं. नमुन्याची पाच मिनिटं ऐका, निवेदक पुरुष आणि बाई, म्हातारा आणि पोर यांचे आवाज ओढूनताणून काढत असेल तर बारा तास सहन होणार नाही. आत्मचरित्र कानाने छान जातं, इतिहास जात नाही, सूचीत बोट घालता येत नाही. बस.

उदाहरणं जुनी असल्याचं म्हणता. लेख नावांचा नव्हता, पारखण्याचा होता. नवं पुस्तक घ्या, त्याच दहा मिनिटांत तपासा. इंग्रजी पुस्तकांनाही श्रेयपान, सूची आणि कडा असतात. मुखपृष्ठावर एक नाव ठळक आणि खाली दुसरं बारीक असेल तर लिहिण्याचं बरंचसं काम बारीक नावाने केलेलं असतं. इंटरनेटवर बघणार असाल तर ताऱ्यांची सरासरी सोडा, दोन आणि तीन तारेवाल्यांचे अभिप्राय वाचा. पाचवाले लेखकाच्या प्रेमात असतात, एकवाले कुरिअरवर चिडलेले असतात.

राहिली तुमची यादी. इतकं ताडताड बोलल्यावर ती तरी एकदा वाचायची होतीत. 'इतिहास' या शीर्षकाखाली 'स्वामी' आणि 'छावा' आहेत. दोन्ही कादंबऱ्या आहेत, १९६२ आणि १९७९च्या, आणि कादंबऱ्या म्हणूनच लिहिलेल्या आहेत. 'आत्मचरित्रं' यात 'मृत्युंजय' आहे. कर्ण त्यात 'मी' म्हणून बोलतो हे खरं, पण त्याने आत्मचरित्र लिहिल्याचं व्यासांच्याही कानावर आलं नसावं. आणि 'थरारकथा' यातलं तिसरं नाव मला कुठल्याही सूचीत, कुठल्याही विक्रेत्याकडे सापडलं नाही. त्याचा प्रकाशक आणि वर्ष मोबाइलला विचारून इथेच कळवा. पुस्तक खरंच निघालं तर विकत घेईन, पेन्शनमधून.