गोव्यातल्या साखळीच्या गिऱ्हाइकाला दुकानाकडून उत्तर

नमस्कार दादा,

सेट-टॉप बॉक्सच्या दुरुस्तीबद्दल तुम्ही लिहिलंय, 'पेन ड्राइव्हने दहा मिनिटांत होणाऱ्या कामाला चार दिवस लावले, ४५० रुपये घेतले, वर बाबांचे सगळे चॅनेल इकडचे तिकडे केले.' शेवटची तक्रार शंभर टक्के खरी आहे, त्याबद्दल मनापासून माफी मागतो. बाबा नंबर दाबून चॅनेल लावतात, हे मी विचारायला हवं होतं.

दहा मिनिटांचं म्हणाल, तर तसं नव्हतं. बॉक्सच्या सॉफ्टवेअरचं अपडेट चालू असताना लाईट गेली, हे बाबांनीच सांगितलं. अपडेट होताना बॉक्स आधी चिपमधलं जुनं पुसतो, मग नवीन लिहितो. तुमच्या बॉक्सचं पुसून झालं होतं, लिहायचं राहिलं होतं. पेन ड्राइव्ह वाचणारा प्रोग्रामच उडाल्यावर पेन ड्राइव्ह लावून उपयोग काय? तरी आधी बॉक्स कॉम्प्युटरला सिरियल केबलने जोडून बघितला. बूटलोडर, म्हणजे बॉक्स सुरू करणारा पहिला छोटा प्रोग्राम, शाबूत असला तर कॉम्प्युटरवर अक्षरं उमटतात. एकही उमटलं नाही. मग आठ पायांची फ्लॅश चिप हॉट एअरने काढली आणि प्रोग्रामरवर, म्हणजे चिप वाचणाऱ्या-लिहिणाऱ्या यंत्रावर, दोनदा वाचली. सुरुवातीपासून नुसतं एफएफ, एफएफ, एफएफ. म्हणजे कोरी पाटी.

दिवस गेले ते चिपवर लिहायची फाइल शोधण्यात. वरून बॉक्स सारखाच, रिमोटही तोच, पण आतल्या बोर्डाचा नंबर वेगळा असतो. दुसऱ्या बोर्डाची फाइल टाकली की कधी ट्यूनर सिग्नल धरत नाही, कधी रिमोट चालत नाही. नेटवर मिळाली ती अशीच दुसऱ्या बोर्डाची होती. ती टाकून बॉक्स तुमच्या हातात द्यायला माझं मन झालं नाही. वाळपईच्या एका गिऱ्हाइकाकडे नेमक्या त्याच बोर्डाचा चालू बॉक्स निघाला, तो दुकानात पोचेपर्यंत तिसरा दिवस उजाडला. त्याच्या चिपमधले ४ एमबी जसेच्या तसे तुमच्या चिपवर लिहिले, पडताळले, चिप परत बसवली. साहजिकच चॅनेलची यादीही त्याच्या घरची आली. ती पुसून जीसॅट-१५ उपग्रहावर नव्याने स्कॅन केलं, पण बाबांचा क्रम मला ठाऊक नव्हता.

४५० रुपये चिप काढण्या-बसवण्यासकट आहेत, आणि बॉक्स घेतानाच सांगितले होते.

रविवारी सकाळी मी साखळीला येतोय. वेगळे पैसे नकोत. कुठलं चॅनेल कुठल्या नंबरवर हवं ते बाबांकडून तेवढं कागदावर लिहून घ्या, सह्याद्रीपासून सुरुवात करू.